आधी तोंड बघा

राजेशम मामा बोलताना समोरच्याच्या डोळ्यांत बघत नसत, तोंडाकडे बघत. पहिल्यांदा त्यांच्या दुकानात गेले तेव्हा मला वाटलं, माझ्या दाताला काहीतरी लागलंय. सकाळी भाकरी आणि शेंगाचटणी खाऊनच निघाले होते. मी दोनदा रुमालानं तोंड पुसलं, तरी त्यांची नजर माझ्या ओठांवरून हलेना. शेवटी जरा घुश्शातच विचारलं, काय झालं? तर म्हणाले, "काय न्हाय बाई. मागावर कान गेले माझे. तुमी बोला, मला दिसतंय."

ऐकू येतंय असं नाही, दिसतंय असं म्हणाले. साखर पेठेतल्या टॉवेलच्या कारखान्यात त्यांनी पंचवीस वर्षं माग चालवले होते. तिथल्या खडखडाटात कुणाचाच आवाज कुणाला पोचत नाही, म्हणून कामगार घशाला त्रास देतच नाहीत. नुसते ओठ हलवून एकमेकांशी बोलतात. मामांचे कान कारखान्यात राहिले आणि ओठ वाचायची विद्या तेवढी सोबत आली. पुढं घरातल्या लोणच्याच्या बरण्यांत मासे पाळता पाळता त्यांनी त्याच पेठेत शोभेच्या माशांचं दुकान टाकलं. आठ फुटांची खोली, तीन भिंतींना टाक्या, मध्ये एक स्टूल आणि स्टुलावर मामा. घरात तेलुगू, दुकानात मराठी, त्यामुळं माशाला एका वाक्यात 'तो' म्हणत आणि दुसऱ्यात 'ते'.

गिऱ्हाईक आलं की त्यांचा पहिला प्रश्न ठरलेला असे, "घरात कोण वाढणार?" माशाला खायला घालणं हा शब्द त्यांना मान्य नव्हता. मासा जेवतो आणि आपण वाढतो. उत्तर नीट आलं नाही तर मासा मिळत नसे. एक बाई एकदा सोफ्याच्या रंगाला जुळणारा मासा मागायला आल्या होत्या, त्यांना मामांनी पडद्यांच्या दुकानाचा पत्ता दिला. आणि मासा पसंत पडला तरी त्याला गिऱ्हाइकासमोर जेवायला घालून दाखवल्याशिवाय ते पिशवीत भरत नसत. "जे खात न्हाय ते मी विकत न्हाय," असं म्हणायचे. मेलेला मासा गटारात टाकणं त्यांना पाप वाटे. दुकानाच्या दाराशी मोगरा, जास्वंद आणि कण्हेरीच्या कुंड्या ओळीनं मांडलेल्या होत्या. गेलेला प्रत्येक मासा त्यातल्या एखाद्या कुंडीत जाई.

मी गेले होते अण्णांसाठी. अण्णा म्हणजे माझे वडील. जेऊरहून तरुणपणी सोलापुरात आले, गिरणीत मागावर लागले आणि गिरणीला टाळं लागेपर्यंत तिथंच राहिले. चार वर्षांपूर्वी त्यांना अर्धांगवायूचा झटका आला. उजवी बाजू गेली आणि आवाजही गेला. ओठ हलायचे, पण घशातून वाऱ्याखेरीज काही बाहेर येत नव्हतं. व्यायाम शिकवायला येणाऱ्या मुलीनं सांगितलं होतं की डाव्या हाताला रोज काहीतरी काम द्या. मी शेंगा फोडायला दिल्या, तूर निवडायला दिली. दोन्ही ताटं त्यांनी कोपरानं बाजूला सारली. गिरणीत चार-चार माग सांभाळलेल्या माणसाला मी बायकांच्या पडवीत बसवत होते, हे मला उशिरा कळलं.

हे सगळं मी मामांना सांगितलं. त्यांनी ते माझ्या ओठांवर वाचलं, उठले, आणि एका टाकीत चिमूटभर दाणे सोडले. "या, हितं बसा," म्हणाले. मी स्टुलावर बसले. "पोटाला काय विचारताय, आधी तोंड बघा. ज्याचं तोंड वर उघडतंय त्यो वरचं खाणार. ज्याचं सरळ हाय त्यो मधलं. ज्याला मिशा हायत त्यो खाली सांडलेलं. ताट एकच हाय, पंगती तीन." मी एका मुलींच्या शाळेत अठरा वर्षं जीवशास्त्र शिकवते. मुखाची रचना आणि आहाराची पद्धत हा भाग मला झोपेत विचारला तरी सांगता येतो. आकृती काढून, नावं देऊन, परीक्षेला येणार म्हणून खूण करून. पण वरच्या पंगतीचा मासा खाली पडलेल्या दाण्याशेजारून उपाशी निघून जातो, हे मी त्या दिवशी पहिल्यांदा डोळ्यांनी पाहिलं.

तरी पहिले सहा मासे आम्ही तीन आठवड्यांत मारले. अण्णांचा डावा हात थरथरायचा आणि डबीतले अर्धे दाणे एकदम पडायचे. मी शाळेतून आले की मासे काचेपाशी येऊन तोंडं उघडायचे, मग मी पुन्हा वाढायची. उरलेलं तळाला कुजायचं आणि पाणी दुधाळ व्हायचं. पाणी बदलावं तर आमच्या नळाला पाचव्या दिवशी पाणी. मी तक्रार घेऊन गेले आणि बोलणी खाऊन आले. "मासा मागतोय म्हणून भुकेला न्हाय बाई. त्याला मागायची सवय लागलीय आनि तुमाला वाढायची." दोन मिनिटांत संपेल एवढंच वाढायचं, आणि शनिवारी काहीच नाही. शनिवार हा मामांच्या गिऱ्हाइकांकडच्या सगळ्या माशांचा उपासाचा वार होता. विजापूर वेशीकडचे एक चाचा त्यांची चेष्टा करायचे, "मामा, हमारे मछली का रोजा जुम्मे को रखूं तो चलता क्या?" मामा गंभीरपणे सांगायचे की वार तुमचा ठेवा, उपास त्याचा ठेवा.

त्यानंतर ते स्वतः घरी आले. कुठं चुकतंय ते बघायला, म्हणाले. अण्णा खिडकीपाशी खुर्चीत होते. मामा त्यांच्यासमोर मांडी घालून बसले आणि सवयीनं त्यांच्या तोंडाकडे बघू लागले. अण्णांचे ओठ हलले. मामा मोठ्यानं हसले आणि त्यांनीही आवाज न काढता काहीतरी उत्तर दिलं. मग अण्णांच्या चेहऱ्याची जी बाजू हलू शकत होती ती हसली. मी स्वयंपाकघराच्या दारात चहाचं भांडं हातात धरून उभी होते. विचारलं, काय म्हणाले अण्णा? मामा म्हणाले, "म्हणत्यात, मासे मारले पोरीनं आनि नाव माझं झालं."

झटक्यानंतर आठ महिन्यांनी माझ्या वडिलांचं एक अख्खं वाक्य माझ्या कानावर पडलं होतं. अण्णा गिरणीतल्यासारखं ओठांनी बोलत होते, आणि ते वाचणारा माणूस आमच्या घरात कुणी नव्हता. मी चहा गाळायला म्हणून आत गेले आणि ओट्याला धरून रडले. मला आनंद झाला होता आणि लाजही वाटत होती. बाप आठ महिने बोलत होता आणि मी त्याला मुका समजून चमच्यानं भात भरवत होते.

मग मामा दर रविवारी दुपारी येऊ लागले. मलाही त्यांनी ओठ वाचायला शिकवायचा प्रयत्न केला, पण मी घाईची. एक शब्द कळला नाही की लगेच अण्णांना विचारायची, पाणी हवंय? पंखा लावू? मामा म्हणायचे, "ओपिक पायजे बाई, ओपिक." तेलुगूत ओपिक म्हणजे धीर. मला तो नव्हता. आणि खरं सांगायचं तर त्याची गरजही वाटत नव्हती, कारण रविवारी मामा यायचेच. आठवडाभराचं बोलणं अण्णा साठवून ठेवायचे आणि मामा ते मला वाचून दाखवायचे.

तिसऱ्या रविवारी त्यांनी एक मासा आणला. ऑस्कर जातीचा, बोटाएवढा, काळपट अंगावर नारिंगी ठिगळं. डावा डोळा पांढरा पडलेला. लहानपणी काचेवर आपटला होता, म्हणून कुणी घेत नव्हतं. "हे एकटंच राहणार. दुसऱ्याला ठेवलं तर त्याला खाईल. ह्याला अण्णा पुरे, अण्णाला हे पुरे," असं मामा म्हणाले. त्यांच्या दुकानात काचेवर टकटक करायला सक्त मनाई होती. "माशाच्या डोक्यात माग सुरू होतोय," म्हणायचे. पण अण्णांना त्यांनी सूट दिली. डाव्या हातातल्या चांदीच्या अंगठीनं काचेवर हळू तीनदा वाजवायचं आणि मग एक दाणा सोडायचा. तो संपला की दुसरा. हा माशाचा भोंगा, भोंग्याशिवाय जेवण नाही. महिनाभरात अण्णांचा हात इतका स्थिर झाला की दाणा बोटांत धरून पाण्याला टेकवू लागले आणि मासा तो बोटांतून घेऊ लागला.

त्या माशाची जेवायची रीत त्याची स्वतःची होती. भोंगा झाला की तो लगेच झडप घालत नसे. आधी टाकीभर एक पूर्ण फेरी मारायचा, चांगला डोळा काचेकडे ठेवून. मग खालून वर येऊन दाणा उचलायचा आणि मागच्या डाव्या कोपऱ्यात जाऊन, आमच्याकडे पाठ करून, भिंतीकडे तोंड करून चावायचा. आमच्या जेऊरच्या आत्या लग्नाच्या पंगतीत अशाच भिंतीकडे वळून जेवायच्या. अण्णांनी त्याचं नाव मुकादम ठेवलं. गिरणीतला मुकादमसुद्धा आधी सगळ्या मागांवरून एक फेरी मारायचा आणि मगच डबा उघडायचा, असं मामांनी वाचून सांगितलं. मामांच्या म्हणण्याप्रमाणं त्यांनी हजारो मासे जेवताना पाहिले होते, पण असं जेवणारं दुसरं पाहिलं नव्हतं. मुकादम वाढला, तळहाताएवढा झाला, मोठी टाकी आली. दोन वर्षं आमच्या घरातला सगळ्यात शिस्तीचा माणूस तोच होता.

आणखी एक गोष्ट मामांनी तेव्हाच शिकवली होती. नवी टाकी आणली तेव्हा मुकादम कोपऱ्यात आडवा पडून राहिला आणि नऊ दिवस त्यानं दाण्याला तोंड लावलं नाही. मी घाबरून दुकान गाठलं. मामा जागचे हललेही नाहीत. "जागा बदलली की ह्या जातीला राग येतोय. महिनाभर न खाता राहील, मरणार न्हाय. रुसलेल्याला वाढत बसू नका." दहाव्या दिवशी मुकादम फेरी मारून जेवला. हे सगळं मी घरी येऊन सांगितलं होतं, आणि अण्णा खुर्चीतून ऐकत होते.

गेल्या वर्षी अण्णा न्हाणीघरात घसरले आणि खुब्याचं हाड मोडलं. माझा भाऊ पुण्यात असतो, शस्त्रक्रिया तिथं करायची ठरली. ॲम्ब्युलन्स दाराशी आली तेव्हा स्ट्रेचरला हात लावायला मामा धावत आले होते. अण्णा वेदनेनं पांढरे पडले होते, डोळे मिटलेले होते. मुकादमाला मामांनी बादलीत घेतलं. मी म्हटलं, मामा, किती दिवस लागतील सांगता येत नाही. ते म्हणाले, माझ्याकडंच हाय की, तुमी जावा. आठ दिवसांनी मोबाइलवर त्यांनी एक व्हिडिओ पाठवला. दुकानातल्या टाकीत मुकादम आडवा पडून रुसला होता. अण्णांनी तो दवाखान्यात सात-आठ वेळा बघितला. त्यानंतर काही आलं नाही. फोनवर त्यांना ऐकू येत नसे, म्हणून मी दोनदा लिहून विचारलं. उत्तर नाही. दुकान, व्याप, असेल काहीतरी, असं मी भावाला म्हणाले.

अडीच महिन्यांनी परत आलो. दुसऱ्याच दिवशी मी बादली घेऊन साखर पेठेत गेले. मामांनी मला पाहिलं, दाराशी आले आणि वाकून ओळीतली मोगऱ्याची कुंडी उचलली. "खाल्लंच न्हाय बाई. बारा दिवस खाल्लं न्हाय. मग गेलं. ह्याच्यात ठेवलंय." हे सगळं ते कुंडीकडे बघून बोलले. माझ्या तोंडाकडे त्यांनी बघितलंच नाही. मी काय म्हणते ते त्यांना वाचायचं नव्हतं, आणि मला वाटलं माणूस दुःखात आहे. उलट मीच त्यांच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले की तुम्ही किती करणार. ते मी म्हणाले, हे आठवलं की आजही अंगाची लाही होते.

कुंडी अण्णांच्या खिडकीत ठेवली. अण्णांनी तिच्याकडे बराच वेळ बघितलं. मग माझ्याकडे बघून ओठ हलवले. मला कळलं नाही. दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. रोज दुपारी, मुकादमाच्या जेवणाच्या वेळेला, खुर्चीच्या हातावर अंगठी तीनदा वाजायची आणि ओठ हलायचे. मी सगळं विचारून बघितलं, पाणी, पंखा, उशी, टीव्ही. ते मान हलवायचे, नाही. रविवारची मी वाट बघत होते, पण मामा आले नाहीत. त्याच्या पुढच्या रविवारीही नाहीत. दोनदा निरोप धाडला, दोन्ही वेळा बरं नाही असं कळलं. अण्णांचं बोलणं पुन्हा बंद झालं. जेवण निम्म्यावर आलं. मी मात्र त्या मोगऱ्याला इमानेइतबारे पाणी घालत राहिले. मे महिन्यात नळ सहाव्या दिवशी यायला लागला तेव्हा भांडी विसळलेलं पाणी गाळून घातलं. मोगरा फुलला. पहिलं फूल मी अण्णांच्या उशाशी ठेवलं, तर त्यांनी ते डाव्या हातानं खाली ढकललं. मला त्यांचा राग आला होता.

असे दहा महिने गेले. शाळेतल्या एका शिक्षिकेचा निरोप समारंभ होता, एका रविवारी दुपारी, होटगी रस्त्यावरच्या एका हॉटेलात. आमच्या घरापासून रिक्षानं दहा मिनिटं. आत शिरताच समोर भिंतभर टाकी होती. वेळेच्या आधी पोचले होते म्हणून तिच्यासमोर उभी राहिले. एक मोठा ऑस्कर तळाशी फिरत होता. ऑस्कर कुठंही असतात, मी तिकडं लक्ष दिलं नसतं. पण तेवढ्यात तिथला वेटर दाणे घेऊन आला आणि त्यानं ते वरून सोडले. माशानं झडप घातली नाही. त्यानं टाकीभर एक पूर्ण फेरी मारली, उजवा डोळा काचेकडे ठेवून. मग खालून वर आला, दाणा उचलला, मागच्या डाव्या कोपऱ्यात गेला आणि आमच्याकडे पाठ करून चावू लागला.

आधी तोंड बघा, असं मला ज्यानं शिकवलं होतं, त्याचंच खोटं मला त्या शिकवणीनं दिसलं. मी बांगडीनं काचेवर हळू तीनदा वाजवलं. मुकादम कोपऱ्यातून वळला आणि सरळ माझ्यापर्यंत आला. पांढरा डोळा तसाच होता. वेटर म्हणाला, "म्याडम, काच वाजवायची न्हाई. मामा वरडतात." मी विचारलं, कोण मामा? तो म्हणाला, साखर पेठेतले, हा मासा त्यांनीच आणून दिलाय की. हॉटेलातल्या सगळ्या टाक्यांचं काम तेच बघतात. आणि कधी येतात असं विचारल्यावर म्हणाला, दर रविवारी, चार वाजता.

रविवार आमचा होता. मी समारंभात गेलेच नाही. तिथल्या सोफ्यावर चार वाजेपर्यंत बसून राहिले. बरोबर चारला मामा आले, हातात जाळी आणि रबराची नळी. मला बघितलं आणि पाय जागीच थांबले. हॉटेलात माझ्या शाळेतली निम्मी माणसं होती, मोठ्यानं बोलायची सोय नव्हती. मी उठून त्यांच्यासमोर उभी राहिले आणि गिरणीतल्यासारखे नुसते ओठ हलवले. हा कोण आहे?

त्यांना वाचावंच लागलं. हळू आवाजात म्हणाले, दुकानात ते खाईना, हितं मोठ्या पाण्यात सोडून बघितलं तर खाल्लं. मालकाला लई आवडलं. मालक म्हणाले ठेवा, सगळ्या टाक्या तुमीच बघा. मी पुन्हा नुसत्या ओठांनी विचारलं, आणि अण्णा? तेव्हा ते जे बोलले ते मी जन्मात विसरणार नाही.

"ॲम्ब्युलन्स गेली तवा वाटलं, अण्णा काय आता परत येत न्हाईत."

माशाचं मी एक वेळ सोडून दिलं असतं. मोठ्या पाण्यात तो जेवला, बरंच झालं. पण माझ्या बापाचं जेवण चालू असताना या माणसानं त्यांचं पान उचललं होतं. बाप परत आला, तर त्याच्या हातात मोगऱ्याची कुंडी ठेवली. आणि ते खोटं तोंडावर दिसू नये म्हणून त्यांनी येणंच बंद केलं, म्हणजे अण्णांचं बोलणंही बंद केलं. त्यांच्याशिवाय ते कुणाला वाचता येत नाही, हे त्यांच्याइतकं कुणाला माहीत होतं? मी एवढंच विचारलं की कुंडीत काय आहे. ते म्हणाले, "काय न्हाय बाई. माती."

मी त्यांना म्हणाले की माझ्याशी काही बोलू नका, जे सांगायचं ते अण्णांना सांगा. त्याच संध्याकाळी ते माझ्यामागून रिक्षा करून घरी आले. अण्णांसमोर मांडी घालून बसले, पूर्वी बसायचे तसेच. मान खाली होती. अण्णांनी खुर्चीच्या हातावर अंगठी तीनदा वाजवली, तेव्हा त्यांना मान वर करावी लागली. अण्णांचे ओठ हलले. मी दचकले, कारण ती हालचाल मला पाठ होती. रोज दुपारी दहा महिने मी तीच बघत आले होते. मी मामांना म्हटलं, वाचा. मोठ्यानं वाचा.

मामांनी आधी मोगऱ्याच्या कुंडीकडे बघितलं. मग म्हणाले, "विचारत्यात, जेवतोय का त्यो?"

अण्णांना पहिल्या दिवसापासून ठाऊक होतं. महिनाभर न खाता जी जात मरत नाही ती बारा दिवसांत कशी मरेल? धडा मी ऐकला होता, शिकले होते अण्णा. त्यांनी मोगऱ्याकडे बघितलं, मामा आले नाहीत ते बघितलं आणि सगळं ओळखलं. मासा कुठं तरी जिवंत आहे, त्याला वेळेवर वाढतंय का कुणी, एवढंच ते मला रोज विचारत होते. आणि मी पंखा लावत होते.

"जेवतोय अण्णा," मामा म्हणाले. "फेरी मारूनच जेवतोय." अण्णांनी मान हलवली. मग मामा घाईघाईनं सांगू लागले की मी मालकांशी बोलतो, पुढच्या रविवारी मुकादमाला परत आणतो. अण्णांचे ओठ पुन्हा हलले आणि मामांनी ते न सांगताच वाचलं, "नगं. पुन्यांदा जागा बदलली तर उपाशी राहील त्यो. जेवतोय तितं राहू दे." मुकादमाला आणखी एक रुसवा झेपला नसता, हे खरंच होतं.

यानंतर मामा स्वतःबद्दल बोलायला लागले. चुकलो म्हणाले, तोंड दाखवायला जागा राहिली नव्हती म्हणाले. बोलता बोलता त्यांचा आवाज गेला आणि सवयीनं नुसते ओठ हलू लागले. अण्णांनी थोडा वेळ त्या ओठांकडे बघितलं. मग डोळे मिटून घेतले.

गिरणीतल्या माणसानं डोळे मिटले की बोलणं संपतं, हे मला तेव्हा कळलं. दार लावून घेतल्यासारखंच आहे ते. मामांचे ओठ हलतच राहिले, मग हळूहळू थांबले. अण्णांनी डोळे उघडले नाहीत. मामा उठले, चपला शोधायला त्यांना वेळ लागला. जाताना ते माझ्या तोंडाकडे बघत होते, मी काही म्हणते का म्हणून. मी तोंड मिटून उभी होते.

त्यानंतर ते आले नाहीत. साखर पेठेत काम निघालं तर मी दुसऱ्या बोळानं जाते. माझा राग गेलेला नाही आणि तो जावा असंही मला वाटत नाही. माशाला किती वाढावं ते मला या माणसानं शिकवलं, माझ्या बापाला त्यानं पुन्हा बोलता केलं, आणि त्यामुळंच तो राग इतका खोल गेलाय. परक्यानं केलं असतं तर चार शिव्या देऊन मोकळी झाले असते.

ते गेले त्याच संध्याकाळी मी मोगऱ्याची कुंडी उचलली. खाली रस्त्यावर फेकणारच होते. दहा महिने मी मातीला पाणी घातलं होतं. मागून खुर्चीच्या हातावर अंगठी वाजली, तीनदा. वळून बघितलं तर अण्णांचे डोळे उघडे होते आणि ओठ हलत होते. सवयीनं मी विचारणार होते, पंखा लावू का. विचारलं नाही. कुंडी खाली ठेवली, त्यांच्यासमोर मांडी घालून बसले आणि तोंडाकडे बघत राहिले. ते पुन्हा म्हणाले. आणखी एकदा म्हणाले. पाचव्या की सहाव्या वेळेला ओठ एकदा मिटून उघडले, जीभ टाळूला लागली, आणि मला दिसलं. पाणी, म्हणत होते. बोट कुंडीकडे होतं.

दुसऱ्या कुणी वाचून न दाखवलेला अण्णांचा तो पहिला शब्द. मी तांब्या आणायला आत गेले.